फारकत : कटगुणचे गोऱ्हे आणि कर्जाचा कागद

मराठीत 'फारकत' हा शब्द आपण नाते तुटण्यासाठी वापरतो. नवरा-बायकोची फारकत झाली, भावाभावांची फारकत झाली, असे बोलतो. पण या शब्दाचे मूळ निराळे आहे. फारसी लिखापढीत 'फारिग-खत' म्हणजे मोकळे केल्याचा कागद. कर्ज फिटले, देणे उरले नाही, अशी लेखी पावती. दफ्तरातला हा कागद मराठीत आला, त्याचे 'फारखत' झाले आणि पुढे 'फारकत' झाले. देणेकरी सुटला त्याचीही फारकत आणि भाऊ वेगळा निघाला त्याचीही फारकत! आपल्या मुलखात कर्जाचा आणि नात्याचा हिशेब किती जवळजवळ मांडला गेला, हे सांगायला हा एक शब्द पुरेसा आहे.

कर्ज, जामीन, मुदत, वसुली, जप्ती, हप्ता, दस्तऐवज हे सगळे शब्द अरबी-फारसीतून मराठीत आले. मी उर्दू माध्यमाच्या शाळेत शिकवते. माझ्या वर्गातल्या मुलांना हे शब्द उर्दूच्या पुस्तकात भेटण्याआधी घरात भेटलेले असतात. त्यांचा अर्थ सांगावा लागत नाही.

वडूज हे खटाव तालुक्याचे ठिकाण. येरळेच्या काठचे. माण-खटावचा इतिहास सांगताना लोक पावसापासून सुरुवात करतात. पाऊस कमी, जमीन हलकी, दुष्काळ पाचवीला पुजलेला. हे खरेच आहे. पण पावसाच्या मागे कर्जाचा एक इतिहास आहे, आणि कर्जाच्या मागे घराघरांतल्या नात्यांचा. तो फारसा लिहिला गेलेला नाही, कारण ज्यांच्या घरात तो घडला त्यांना लिहिता येत नव्हते. एका घराचा मात्र थोडाफार माहीत आहे. ते घर याच तालुक्यातले, पुसेगावशेजारच्या कटगुणचे. त्यांचे आडनाव गोऱ्हे. पुढे महाराष्ट्र त्यांना फुले या नावाने ओळखू लागला.

महात्मा जोतीराव फुले यांच्या चरित्रकारांनी या घराण्याची जी हकिकत दिली आहे, तिच्यातला क्रांतीचा भाग आपल्याला पाठ आहे. आज त्याच हकिकतीकडे घरसंसाराच्या बाजूने पाहू. जोतीरावांचे पणजोबा कटगुणला चौगुले होते. गावच्या कुलकर्ण्याशी त्यांचा तंटा झाला, तो विकोपाला गेला आणि त्यांना गाव सोडावे लागले. ते पुरंदर तालुक्यात खानवडीला जाऊन राहिले. तिथे त्यांना मुलगा झाला, शेटीबा. वडिलांच्या मागे शेटीबांना संसार पेलला नाही. कर्ज झाले. कर्जापायी खानवडीही सुटली आणि राणोजी, कृष्णा आणि गोविंद या तीन मुलांना घेऊन शेटीबा पुण्याला आले.

म्हणजे एका घराला दोन पिढ्यांत दोन गावे सोडावी लागली. पहिल्यांदा गावच्या दफ्तराच्या मालकाशी भांडण झाले म्हणून, दुसऱ्यांदा सावकाराचे देणे झाले म्हणून. कुलकर्ण्याची लेखणी आणि सावकाराची वही, या दोन्ही गोष्टी अशा माणसांच्या हातात होत्या की ज्यांचे अक्षर या घराला वाचता येत नव्हते.

पुण्यात या तीन भावांनी काय केले? मिळेल ते काम केले, हळूहळू फुलांच्या धंद्यात हात बसवला. पेशव्यांच्या वाड्यावर फुले, हार, गजरे पुरवण्यापर्यंत मजल गेली. गोऱ्ह्यांचे फुले झाले ते या धंद्यामुळे. इथवर तिघे भाऊ एकत्र होते. कर्जबाजारी बापाची मुले, परके शहर, हातात भांडवल नाही, तरी घर फुटले नाही. पुढे दुसऱ्या बाजीरावाने त्यांच्या कामावर खूश होऊन पस्तीस एकर जमीन इनाम दिली. आता बरे दिवस यायला हवे होते. पण थोरले राणोजी यांनी ती जमीन एकट्याच्या ताब्यात घेतली आणि धाकट्या दोघांना काही मिळाले नाही. गोविंदरावांना भाजीपाल्याच्या आणि फुलांच्या दुकानावर पुन्हा शून्यातून संसार उभा करावा लागला.

या ठिकाणी मी वाचकांना थोडे थांबायची विनंती करते. गरिबी नाती तोडते, असे आपण सहज म्हणून जातो. गोऱ्ह्यांच्या घरात तसे घडले नाही. उपाशी असताना तिन्ही भाऊ एका चुलीवर राहिले. घर फुटले ते जमीन मिळाल्यावर. घाम तिघांचा होता आणि जमीन एकाची झाली. माझ्या मते कर्जाच्या साऱ्या इतिहासाची किल्ली इथे आहे. पोटाची भूक माणसाला माणसाजवळ आणते. हक्काचा कागद मात्र एकाच्याच हाती गेला की सख्खा भाऊ भाऊबंद होतो. मराठीत 'भाऊ' आणि 'भाऊबंद' या दोन शब्दांत किती अंतर आहे ते खेड्यातल्या माणसाला सांगायला नको.

आता या एका घरावरून साऱ्या मुलखाकडे येऊ. इंग्रजी अमलात कर्जाच्या कागदाला पूर्वी कधी नव्हती एवढी ताकद आली. पेशवाईतही सावकार होता, पण तोही गावात राहणारा. गावाच्या पंचायतीला धरून त्याला वसुली करावी लागे. इंग्रजांची दिवाणी कोर्टे आल्यावर पंचायतीची भीड राहिली नाही. कोर्ट रोखा पाहून हुकूमनामा देई. १८५९ च्या मुदतीच्या कायद्याने नोंदणी नसलेल्या रोख्याला तीन वर्षांची मर्यादा घातली. सरकारचा हेतू असा की जुनी देणी माणसाच्या मानगुटीवर कायम बसू नयेत. झाले उलटेच. तीन वर्षे भरत आली की सावकार नवा रोखा लिहून घेई आणि थकलेले व्याज मुद्दलात मिळवी. पुन्हा तीन वर्षे, पुन्हा नवा रोखा. शंभराचे दोनशे कधी झाले हे अंगठा उठवणाऱ्याला कळतही नसे.

त्यात अमेरिकेतल्या यादवी युद्धाने भर घातली. १८६१ ते १८६५ या काळात तिकडचा कापूस विलायतेला जाईना, म्हणून इकडच्या कापसाला भाव आला. भाव होता तोवर सावकाराने हात सैल सोडला. युद्ध संपले, भाव कोसळले, आणि त्याच सुमारास सरकारने नव्या आकारणीत सारा वाढवला. मग वसुलीचा तगादा सुरू झाला.

रोख्यावर जामीन कोण राही? भाऊ, चुलता, मेहुणा, साडू. सावकार परक्याचा जामीन कशाला घेईल? नात्याची लाज हेच त्याचे खरे तारण होते. एका भावाचे पीक बुडाले की दुसऱ्याच्या बैलावर जप्ती यायची. बायकोच्या अंगावरचे डाग आधी जायचे, मग भांडी, मग जमीन. बाप मेला की देणे मुलाकडे यायचे आणि बापाचे ऋण फेडणे हा धर्म समजून तो नव्या रोख्यावर अंगठा द्यायचा. यात हिंदू कुणबी आणि मुसलमान मुलाणी, शिकलगार, आतार, तांबोळी असा फरक नव्हता. अंगठ्याला जात नसते.

शिरूर तालुक्यातल्या करडे गावी काळूराम नावाच्या सावकाराने बाबासाहेब देशमुख यांच्यावर हुकूमनामा मिळवला. लिलावात त्यांचे घर दीडशे रुपयांना घेतले. देशमुख भाडे देऊन तिथेच राहायला तयार होते, तरी त्याने ते घर पाडले. गाव चिडले. सावकारांवर बहिष्कार पडला, न्हाव्याने हजामत करायची नाही, पाणक्याने पाणी भरायचे नाही. मग १२ मे १८७५ रोजी सुप्याच्या बाजारात उठाव झाला आणि पुणे-नगर जिल्ह्यांत पसरला. सप्टेंबरात आपल्या भागात, त्या वेळच्या सातारा जिल्ह्यातल्या आणि आज सांगली जिल्ह्यात असलेल्या कुकरुडला गावकऱ्यांनी सावकाराचे घर लुटून कागद नष्ट केले. या उठावात एक गोष्ट ध्यानात घेण्यासारखी आहे. लोकांनी बहुतेक ठिकाणी रोखे मागितले. सावकाराने रोखे निमूट दिले तिथे सहसा त्याला धक्का लावला नाही. कागद जाळला की भाऊ मोकळा होईल, एवढी साधी त्यांची समजूत होती.

सरकारने चौकशी आयोग नेमला. आयोगाला दिसले की सरकारी जमीन कसणाऱ्यांपैकी सुमारे एक तृतीयांश लोक कर्जात बुडालेले होते आणि त्यांचे कर्ज सरासरीने साऱ्याच्या अठरा पट होते. लग्नकार्यातली उधळपट्टी हेच कर्जाचे मुख्य कारण, हा आरोप आयोगाला पटला नाही. गरिबाने मुलीच्या लग्नात चार माणसे जेवू घातली म्हणून तो बुडाला, असे सांगणारे आजही पुष्कळ आहेत. त्यांनी हा दीडशे वर्षांपूर्वीचा निष्कर्ष लक्षात ठेवावा.

पुढे १८७९ मध्ये दख्खनच्या शेतकऱ्यांना दिलासा देणारा कायदा झाला. तो पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांना लागू केला होता. म्हणजे वडूजचा शेतकरीही त्यात आला. कोर्टाने नुसता रोखा पाहू नये, त्याच्या मागचा सगळा हिशेब उकरून पाहावा. शेतकऱ्याला देण्यापायी तुरुंगात घालू नये. रोखा गावच्या निबंधकासमोर लिहिला जावा. अशा त्यात तरतुदी होत्या. कायदा चांगला होता. पण निबंधकाने लिहिलेलेही शेतकऱ्याला वाचता येत नव्हतेच.

आपल्याकडे कुरआन शरीफची सर्वांत लांब आयत कोणती, असे विचारले तर पुष्कळांना नेमके सांगता येत नाही. सूरह बकरामधली ती आयत कर्जाच्या लिखापढीविषयी आहे. देण्याघेण्याचा व्यवहार लिहून ठेवा, लिहिणाऱ्याने इन्साफाने लिहावे, साक्षीदार ठेवा, असे तिच्यात सांगितले आहे. आणि मजकूर कोणी सांगायचा? ज्याच्या अंगावर देणे आहे त्याने! कर्ज घेणाऱ्याने सांगावे आणि लेखनिकाने लिहावे. त्याला ते जमत नसेल तर त्याच्या वतीने त्याच्या वलीने सांगावे. त्याच्या थोडे आधी, कर्जदार अडचणीत असेल तर त्याला मोहलत द्या, असेही आले आहे. आपण व्याज हराम एवढेच लक्षात ठेवले. कागदावर दुबळ्याचा शब्द चालला पाहिजे, ही गोष्ट विसरलो. दख्खनच्या रोख्यांवर मजकूर सावकाराचा असे आणि देणेकऱ्याचा फक्त अंगठा.

आता पुन्हा फुल्यांच्या घरात येऊ. गोविंदरावांनी जोतीला शाळेत घातले होते, पण शिकलेला पोर शेतीच्या कामाला निरुपयोगी होतो असे लोकांनी कानावर घातले म्हणून काढून घेतले. ज्या घराने कागदापायी एवढे सोसले, त्याच घरात मुलाची पाटी सुटली. गरिबाच्या घरात असेच होते, आजच्या दोन हातांपुढे उद्याचे अक्षर हरते. त्या वेळी शेजारी राहणारे उर्दू-फारसीचे शिक्षक गफार बेग मुन्शी आणि लिजिट साहेब या दोघांनी गोविंदरावांची समजूत घातली आणि १८४१ मध्ये जोती पुन्हा शाळेत गेला. एका शिक्षकाने शेजाऱ्याच्या घरी जाऊन मुलासाठी रदबदली केली, एवढीच ही घटना. पण तिने महाराष्ट्राचा इतिहास वळवला. आम्ही उर्दूचे शिक्षक या माणसाविषयी फार कमी बोलतो याची खंत वाटते.

पुढे १८४८ ची मुलींची शाळा, आणि तिच्यापायी बिरादरीच्या दडपणाखाली बापाने मुलाला आणि सुनेला घराबाहेर काढणे, हा इतिहास सर्वांना ठाऊक आहे. रक्ताचे दार बंद झाले तेव्हा उस्मान शेख यांनी या जोडप्याला आसरा दिला, असे चरित्रकार सांगतात. फातिमा शेख सावित्रीबाईंच्या कामात जोडीला आल्या. सावित्रीबाईंनी १० ऑक्टोबर १८५६ रोजी नायगावहून जोतीरावांना लिहिलेल्या पत्रात फातिमाचे नाव आहे. आपण आजारी, माहेरी आलेल्या, तेव्हा कामाचा भार तिच्यावर पडत असेल, ही काळजी त्या पत्रात आहे. त्याच पत्रात सख्ख्या भावाने लोकांच्या बोलण्यावरून सावित्रीबाईंना आणि जोतीरावांना कसे दूषण दिले आणि त्यांनी त्याला कसे समजावले, हेही आले आहे. दुरावलेला भाऊ आणि काळजी वाटावी अशी सखी, दोन्ही एका पत्रात! उस्मान शेख आणि फुले यांच्यात कोणताही रोखा झालेला नव्हता. नाते मात्र टिकले.

१८७६ ते ७८ च्या दुष्काळात सावित्रीबाई जुन्नर भागात ओतूरला काम करत होत्या. तिथून त्यांनी १८७७ मध्ये लिहिलेल्या पत्रात धान्यासाठी पोटची मुले विकून गाव सोडणाऱ्या माणसांचे वर्णन येते. नाते तुटण्याची ही शेवटची पायरी. पण त्या पायरीवर माणूस पोहोचतो तेव्हा त्याच्या मागे कितीतरी रोखे उलटून गेलेले असतात. जोतीरावांनी १८८२ मध्ये हंटर आयोगापुढे निदान बाराव्या वर्षापर्यंत प्राथमिक शिक्षण सक्तीचे करा अशी मागणी केली आणि १८८३ मध्ये 'शेतकऱ्याचा असूड' लिहून पुरा केला. हे दोन्ही एकाच विचाराचे भाग होते. खानवडी सुटलेल्या शेटीबाचा हा नातू. अक्षर नसेल तर घर जाते हे त्याला पुस्तकातून शिकावे लागले नव्हते.

त्यांनी स्वतःचा कागद मात्र नीट करून ठेवला. दत्तक मुलगा यशवंत याला भाऊबंद हक्क लागू देणार नाहीत हे ओळखून १८८७ मध्ये मृत्युपत्र केले आणि नोंदवले. तरी २८ नोव्हेंबर १८९० रोजी ते गेले तेव्हा भाऊबंदांनी यशवंतने टिटवे धरायला हरकत घेतली. सावित्रीबाईंनी ते स्वतः हातात घेतले. अखेरच्या दिवसांत घरात इतकी ओढगस्त होती की मामा परमानंदांना बडोद्याच्या सयाजीराव महाराजांकडे मदतीसाठी लिहावे लागले होते. १८९७ मध्ये सावित्रीबाई प्लेगच्या रुग्णांची सेवा करताना गेल्या. यशवंतच्या निधनानंतर त्याच्या पत्नीवर राहते घर विकण्याची पाळी आली. ज्या घराने अनाथांना आणि विधवांना आसरा दिला, ज्या घराच्या धन्याने 'सार्वजनिक सत्यधर्म' पुस्तकात एकाच कुटुंबात बौद्ध, ख्रिस्ती, मुसलमान अशी माणसे प्रेमाने नांदतील असे स्वप्न मांडले, त्या घराची सून बेघर झाली. हे आपण क्वचितच सांगतो, कारण ते सांगायला लाज वाटते. ती लाज एकट्या फुल्यांच्या भाऊबंदांची नाही.

सातारा-सांगलीच्या मातीने यातून काही घेतले का? घेतले. सत्यशोधक जलशांनी गावोगाव सावकाराचे सोंग उभे केले. क्रांतिसिंह नाना पाटलांच्या प्रतिसरकारने १९४३ ते ४६ या काळात सावकारांना जरब बसवली आणि कमी खर्चाची 'गांधी लग्ने' लावली. सहकारी पतपेढ्या आणि सोसायट्या आल्या. १९७२ च्या दुष्काळात माण-खटावचा माणूस खडी फोडायला गेला, पण रोजगार हमीमुळे त्याच्या हातात मजुरी पडली. ही योजना मांडणारे वि. स. पागेही सांगली जिल्ह्यातलेच. खासगी सावकारीवर २०१४ मध्ये राज्यात नवा कायदाही झाला.

तरी जामिनाची रीत गेली नाही, तिने कपडे बदलले. आता दहा बायकांचा गट करून कर्ज दिले जाते आणि एकीचा हप्ता चुकला तर बाकीच्यांनी भरायचा असतो. गटात कोण असते? जाऊ, नणंद, शेजारीण, मामेबहीण. तारण जुनेच आहे, नात्याची लाज. हप्त्याच्या दिवशी घराला कुलूप लावून शेतात जाऊन बसणारी बाई आणि तिच्या दारात उभी राहिलेली तिची सख्खी जाऊ, दोघींची ईदची शीरखुर्म्याची वाटी पुढे एकमेकींच्या घरी जात नाही. रक्कम पाहिली तर काही हजारांची असते.

आमच्या मोहल्ल्यात आणखी एक अडचण आहे. पुष्कळ आयांना उर्दू वाचता येते, मराठी लिपी सावकाश वाचता येते, आणि कर्जाचा कागद पुष्कळदा इंग्रजीत असतो. सातवी-आठवीतली मुलगी तो घेऊन शाळेत येते आणि विचारते, 'आपा, इसमें क्या लिखा है?' मी तिला मराठीतून अर्थ सांगते, ती घरी जाऊन दख्खनीत सांगते. व्याजाचा दर वर्षाचा की महिन्याचा, जामीन कोण, दंड किती, ही तीन वाक्ये शोधायला मी मुलांना शिकवते. हे अभ्यासक्रमात नाही, पण गणिताच्या तासाला चक्रवाढ व्याज शिकवताना दुसरे कोणते उदाहरण द्यायचे?

गफार बेग मुन्शींनी एका बापाला मुलगा शाळेत पाठवायला राजी केले. आपल्या हातात तेवढे तरी आहे. मशिदीच्या बैतुलमालमधून बिनव्याजी कर्ज-ए-हसना देणाऱ्यांनी ते जरूर द्यावे, पण सोबत कागद वाचून दाखवणारे माणूसही बसवावे. घरातल्या भावाभावांनी वाटणी करताना, कर्ज काढताना, जामीन राहताना कागद सर्वांसमोर मोठ्याने वाचावा, आणि त्यात बहिणींनाही बसवावे. गोऱ्ह्यांच्या तीन भावांनी त्या पस्तीस एकरांचा कागद असा एकत्र बसून वाचला असता तर काय झाले असते, हे सांगता येत नाही. पण ज्या घरात कागद सर्वांना वाचता येतो, तिथे कर्जाची फारकत होते. नात्याची करावी लागत नाही.